सुट्या अक्षरांतली सही: एका नामंजूर फॉर्मचे एकोणीस दिवस

शुक्रवार होता, संध्याकाळचे साडेसात वाजले असतील. अभ्यासिकेत कुणीतरी म्हणालं सिटी स्लिप आली, म्हणजे परीक्षेचं शहर कळवणारी चिठ्ठी, आणि पाच मिनिटांत सगळी पोरं मोबाईल काढून बसली. कुणाला पनवेल, कुणाला पुणे, एकाला थेट नाशिक लागलं. एक मुलगी मात्र गप्प. तिच्या लॉगिनवर शहर नव्हतंच, लाल अक्षरांत एक ओळ होती: अर्ज नामंजूर, कारण सही नियमानुसार नाही. तिने लॉगआऊट करून परत लॉगिन केलं, मैत्रिणीच्या मोबाईलवरून करून बघितलं, तेच. मग माझ्या टेबलाशी आली, मोबाईल पुढे केला आणि म्हणाली, "काकू, हे आता बदलत नाही ना?"

परीक्षा सुरू व्हायला एकोणीस दिवस होते.

मी एकतीस वर्षं सरकारी ऑफिसात आस्थापना शाखेत काढली, रिटायर झाल्यापासून कळव्याच्या या अभ्यासिकेत संध्याकाळी बसते, मुलांना फॉर्म, दाखले, अर्ज यात मदत करते. भरतीच्या अर्जांची छाननी मी स्वतः केलेली आहे, म्हणजे टेबलाच्या पलीकडच्या बाजूने, त्यामुळे नामंजुरीचा एक शब्दाचा शेरा कसा पडतो ते मला माहितीय. हे प्रकरण तिला विचारून लिहितेय, तिचं नाव आणि भरती कुठल्या मंडळाची होती ते लिहीत नाही, केंद्र सरकारची भरती होती एवढं पुरे. सगळं इतकं खोलात सांगायचं कारण म्हणजे दर भरतीला दोन-चार मुलं अशी ओळ बघतात, एक रात्र रडतात आणि "नशीब" म्हणून पुढच्या जाहिरातीची वाट बघत बसतात. त्या ओळीला उत्तर मागता येतं हेच त्यांना कुणी सांगितलेलं नसतं.

मुलगी चोवीस वर्षांची, विटाव्याला राहते, बीकॉम. सकाळी एका झेरॉक्सच्या दुकानात काम, दुपारपासून रात्री दहापर्यंत अभ्यासिका. वडील माथाडी होते, कंबर गेल्यापासून घरी आहेत, आई पोळ्या करून देते. फॉर्म तिने घराजवळच्या नेट कॅफेत भरला होता, कारण त्या आठवड्यात साईट मोबाईलवर उघडतच नव्हती आणि शेवटचे दोन दिवस उरले होते. कॅफेवाल्याने शंभर रुपये घेतले, फोटो काढला, कोऱ्या कागदावर सही करून घेतली, मोबाईलने त्याचाच फोटो काढून क्रॉप केला, अपलोड केला, फी भरली, प्रिंट हातात दिली. ती प्रिंट तिने नीट प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ठेवली होती, आणि हीच एक गोष्ट पुढे सगळ्यात जास्त कामी आली.

त्या रात्री आम्ही पहिल्यांदा जाहिरात उघडली, अठ्ठेचाळीस पानांची पीडीएफ. सहीचा नियम मधेच कुठेतरी होता: सही पांढऱ्या कागदावर काळ्या शाईने, इंग्रजी किंवा हिंदीत, धावत्या अक्षरात, कॅपिटल किंवा सुट्या अक्षरांत नको. मग तिची प्रिंट घेतली आणि सही मोबाईलच्या कॅमेऱ्यात धरून मोठी केली. काळं पेन, पांढरा कागद, सावली नाही, आडवी-तिडवी नाही. मराठीत सही, नावाची चार अक्षरं, वर शिरोरेषा नाही, अक्षरांमध्ये थोडी थोडी जागा. शाळेत शिकवलेली सही, बँकेच्या पासबुकावर तीच, मतदान केंद्रावर तीच.

मी बराच वेळ त्या चार अक्षरांकडे बघत बसले. देवनागरीत कॅपिटल अक्षर नसतंच, म्हणजे नियमाचा तो भाग तिला लागू होत नाही. राहिलं सुटी अक्षरं. आता देवनागरीची अक्षरं सुटीच असतात, वर रेघ मारली की एकत्र दिसतात एवढंच. आपल्याकडे धावती लिपी होती ती मोडी, हात न उचलता लिहायची, आणि बाळबोध म्हणजे एकेक अक्षर वेगळं काढायचं. मग देवनागरीत "धावती सही" म्हणजे नेमकं काय, हे जाहिरातीत कुठेच नव्हतं. नियम इंग्रजी सही डोळ्यांसमोर ठेवून लिहिलेला आणि पुढे "किंवा हिंदीत" एवढं जोडून दिलेलं. मला हा नियम वाईट वाटत नाही हे आधीच सांगते. डमी उमेदवार बसतात, परीक्षेच्या हॉलमधली सही, कागदपत्र तपासणीतली सही आणि फॉर्मवरची सही जुळवून बघावी लागते, आणि छापल्यासारखी अक्षरं कुणीही काढू शकतं. नियमाला कारण आहे. प्रश्न असा होता की या सहीत नेमकं काय चुकलं ते तिला कुणी सांगितलं का, आणि सुधारायला दिवस दिला का.

सांगितलं होतं, असं निघालं. म्हणजे कागदोपत्री.

हेल्पलाईनला शनिवारी सकाळी चाळीस मिनिटांनी फोन लागला, पलीकडचा मुलगा सभ्य होता, म्हणाला की नामंजुरीचा ईमेल आणि एसएमएस सोळा दिवसांपूर्वीच गेलाय, रजिस्टर्ड ईमेलवर. तिच्या ईमेलवर काहीच नव्हतं. प्रिंटवर बघितलं तर ईमेलच्या रकान्यात कॅफेवाल्याचा आयडी आणि मोबाईलच्या रकान्यात त्याचाच नंबर. ओटीपी पटपट यावा म्हणून ते सगळ्यांचे फॉर्म असेच भरतात.

आम्ही दोघी चालत त्याच्याकडे गेलो. दुकान म्हणजे आठ बाय दहाची खोली, तीन कॉम्प्युटर, वर देवीचा फोटो, भिंतीवर "पॅन कार्ड, फूड लायसन्स, सर्व सरकारी फॉर्म" असा फ्लेक्स. तिने विचारलं, "दादा, माझा मेल आलाय का बघता?" त्याने इनबॉक्स उघडला आणि स्क्रोल करत गेला, करतच गेला. एकाच्या खाली एक, वेगवेगळ्या मुलांची नावं, वेगवेगळ्या भरत्या, हॉल तिकीट, फी रिसीट, फेरपडताळणी, नामंजूर, नामंजूर, त्यातले कितीतरी न उघडलेले. तिचा मेल तळाशी सापडला, न वाचलेला, ठळक अक्षरांत. तो खजील झाला, म्हणाला, "ताई, मी बघतच नाही हो यात, खूप येतात." पोरगा वाईट नाही. पण त्या एका इनबॉक्समध्ये किती जणांचं वर्ष अडकलं असेल ते बघून माझ्या पोटात कालवलं. त्या मेलमध्येही एवढंच होतं, आपला अर्ज नामंजूर, कारण सही नियमानुसार नाही, आणि शेवटी ते नेहमीचं वाक्य: याबाबत कोणताही पत्रव्यवहार केला जाणार नाही.

या वाक्याबद्दल थोडं बोलायलाच हवं, कारण मुलं तिथेच थांबतात. हे वाक्य मी स्वतः टाईप केलेलं आहे, एकदा नाही, कितीतरी वेळा. ऑफिसला हजारो अर्ज येतात, रोज टपालाचा ढीग, प्रत्येकाला उत्तर द्यायचं म्हटलं तर भरती होणार नाही, म्हणून ते घालतात. त्याचा उपयोग ऑफिसच्या सोयीपुरता. त्याने घटनेतलं कलम १४ आणि १६ रद्द होत नाही, सरकारी नोकरीत समान संधी हा हक्क आहे आणि अर्ज कसा तपासला जातो हा त्या संधीचाच भाग आहे. माहिती अधिकार कायदा २००५ चं कलम ४(१)(घ) तर सरळ म्हणतं की प्रशासकीय निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला कळवायची. मागितली तर नाही, स्वतःहून कळवायची. "सही नियमानुसार नाही" हे कारण झालं का? माझ्या मते नाही झालं. नियमात काळी शाई आहे, पांढरा कागद आहे, भाषा आहे, अक्षराची पद्धत आहे, फाईलचा आकार आहे, यातलं काय मोडलं ते कळल्याशिवाय माणूस दुरुस्ती करणार कशी आणि हरकत घेणार कशावर? सुप्रीम कोर्टाने १९७७ साली मोहिंदर सिंग गिल प्रकरणात सांगून ठेवलंय की अधिकाऱ्याचा आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे, नंतर कोर्टात प्रतिज्ञापत्र देऊन नवीन कारणं चिकटवायची नाहीत. म्हणून आदेशातलं कारण मोघम असेल तर तो कच्चा दुवा त्यांचा आहे, तुमचा नाही.

पण सगळी नामंजुरी अन्यायच असते असंही नाही, आणि हे मी मुलांना तोंडावर सांगते. त्याच महिन्यात अभ्यासिकेतल्या एका मुलाचा ओबीसीचा दावा दुसऱ्या एका केंद्रीय भरतीत गेला, कारण त्याने नॉन-क्रिमीलेअर दाखला राज्याच्या नमुन्यातला लावला होता, जाहिरातीत केंद्राचा नमुना जोडलेला, ठळक लिहिलेलं, तारखेसकट. सेतूतून आला तसा दाखला त्याने चिकटवला. दिव्या विरुद्ध भारत सरकार या २०२३ च्या निकालात यूपीएससीच्या उमेदवारांचे ईडब्ल्यूएसचे, म्हणजे आर्थिक दुर्बल घटकाचे, दाखले ठरलेल्या तारखेपर्यंतचे आणि योग्य वर्षाचे नव्हते म्हणून गेले, आणि सुप्रीम कोर्टाने ते मान्य केलं, कारण तो पात्रतेचाच प्रश्न होता आणि तारीख सगळ्यांना सारखी होती. दुसरीकडे २ जानेवारी २०२४ चा वशिष्ठ नारायण कुमार विरुद्ध बिहार राज्य हा निकाल बघा. बिहार पोलिसात शिपाई पदासाठीचा मुलगा, सगळे टप्पे पास, आणि ऑनलाईन फॉर्ममध्ये जन्मतारीख १८ डिसेंबर १९९७ ऐवजी ८ डिसेंबर पडली म्हणून बाद. त्याचाही फॉर्म सायबर कॅफेतून भरलेला होता. कोर्टाने नामंजुरी रद्द केली, कारण त्या चुकीने त्याला काडीचा फायदा होत नव्हता, दोन्ही तारखांनी तो पात्रच होता. मला तरी मोजपट्टी इथे दिसते: चूक पात्रतेला हात लावते का, त्यातून उमेदवाराला काही जास्तीचं मिळतं का, आणि ती पाच मिनिटांत सुधारता येण्यासारखी आहे का. सहीची इमेज या तिन्हीवर किरकोळ बाजूला पडते.

शनिवारी रात्री आम्ही निवेदन लिहिलं. तिने आधी दोन पानं लिहून आणली होती, त्यात वडिलांची कंबर होती, आईच्या पोळ्या होत्या, चार वर्षांचा अभ्यास होता. मला वाचून वाईट वाटलं पण मी ते काढायला लावलं, कारण वाचणाऱ्या अवर सचिवाला त्यावर निर्णय घेता येत नाही, त्याला मुद्दा लागतो. शेवटी एक पान उरलं. अर्ज क्रमांक, नामंजुरीची तारीख, जाहिरातीतल्या परिच्छेदाचा क्रमांक, आणि मग तीन वाक्यं जी मी तिला तशीच्या तशी ठेवायला सांगितली: "माझी सही देवनागरी लिपीत असून या लिपीत कॅपिटल अक्षरे नसतात. नियमातील नेमक्या कोणत्या अटीचा भंग झाला हे आदेशातून कळत नाही, ते कळवावे. सही पुन्हा अपलोड करण्याची संधी द्यावी, त्यामुळे माझ्या पात्रतेत कोणताही बदल होत नाही." खाली कोऱ्या जागेत तीन वेळा सही. आणि एक उदाहरण जोडलं, जे माझ्या मते सगळ्यात वजनदार होतं. रेल्वेच्या २०१९ च्या लेव्हल १ भरतीत, ज्याला सगळे ग्रुप डी म्हणतात, फोटो किंवा सही चालत नाही म्हणून ४ लाख ८५ हजारांहून जास्त अर्ज बाद झाले होते, आणि नंतर रेल्वेने डिसेंबर २०२१ मध्ये त्या उमेदवारांसाठी एकदाच एक लिंक उघडून फोटो-सही परत घेतली. म्हणजे एवढ्या मोठ्या भरतीत हे करता येतं. यूपीएससी फी पोचली नाही म्हणून अर्ज बाद करते तेव्हा ईमेलने कळवून पुरावा द्यायला दहा दिवस देते. एसएससीने, म्हणजे केंद्राच्या कर्मचारी निवड आयोगाने, तर फॉर्म बंद झाल्यावर दुरुस्तीसाठी वेगळी खिडकीच ठेवलीय, पहिल्या वेळी २०० रुपये, दुसऱ्या वेळी ५००. तेव्हा "आमच्या सिस्टीममध्ये होत नाही" हे उत्तर आता टिकत नाही.

निवेदन त्याच रात्री तीन ठिकाणी गेलं, भरती मंडळ आणि त्यांचा तक्रार कक्ष यांना ईमेलने, आणि सीपीग्राम्स या केंद्र सरकारच्या तक्रार पोर्टलवर तक्रार म्हणून. ईमेलमध्ये पहिलंच वाक्य असं की आधीचा आयडी माझा नाही, यापुढे या आयडीवर कळवावे. सोमवारी ठाण्याच्या मोठ्या पोस्टातून स्पीड पोस्टने छापील प्रत. मुलं म्हणतात ईमेल केलाय ना, मग पोस्ट कशाला. ऑफिसात कागद आवक रजिस्टरवर चढला की त्याला नंबर पडतो, नंबर पडला की तो कुणाच्या तरी टेबलावर येतो, त्या टेबलाला त्याचं काहीतरी करावंच लागतं. ईमेलचं तसं नसतं, निदान माझ्या वेळी नव्हतं.

माहिती अधिकाराचा अर्जही शनिवारीच, केंद्राच्या पोर्टलवर, दहा रुपये फी. इथे पोरं एक चूक हमखास करतात, "माझा अर्ज का नामंजूर केला?" असं विचारतात. कायद्यात जी माहिती रेकॉर्डवर आहे ती मिळते, कुणाचं मत किंवा खुलासा मागता येत नाही, सीबीएसई विरुद्ध आदित्य बंदोपाध्याय या २०११ च्या निकालात ते स्पष्ट आहे. म्हणून कागद मागायचा. आम्ही मागितलं ते असं: माझ्या अर्जावर छाननी करणाऱ्याने नोंदवलेल्या शेऱ्याची प्रत, छाननी करणाऱ्यांना सहीबाबत दिलेल्या लेखी सूचनांची प्रत, छाननी माणसाने केली की सॉफ्टवेअरने याची नोंद, या कारणाने बाद झालेल्या अर्जांची संख्या, आणि फेरविचाराचा अधिकार असलेल्या अधिकाऱ्याचं पदनाम. उत्तराला तीस दिवसांची मुदत, म्हणजे परीक्षा होऊन जाणार हे माहीत होतं. तरी टाकला. पुढे कोर्टात जावं लागलं तर त्याच कागदावर उभं राहावं लागतं.

कोर्टाची तयारीही त्याच सोमवारी सुरू केली, निवेदनाच्या उत्तराची वाट न बघता. इथे एक गोष्ट सांगते जी ठाण्यात राहून बऱ्याच बायकांना माहीत नसते. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्न किती का असेना. कोर्ट नाक्याला जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे, तिथे आम्ही गेलो, साधा फॉर्म भरला, आणि ज्या वकील मॅडमशी गाठ पडली त्या पहिलं वाक्य बोलल्या ते असं की हायकोर्टात धावू नका. केंद्राची भरती म्हटल्यावर आधी कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, त्याचं मुंबईला खंडपीठ आहे. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून असंच आहे, आधी न्यायाधिकरण आणि तिथे नाही झालं तर हायकोर्ट. अर्जाची फी पन्नास रुपये. राज्य सरकारच्या पदासाठी असतं तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, आणि महापालिकेच्या भरतीसाठी सहसा सरळ हायकोर्ट. हे चुकलं की दोन आठवडे वाया जातात आणि तोवर परीक्षा संपलेली असते. मॅडमनी सांगितलं बुधवारपर्यंत, म्हणजे पुढच्या आठवड्यातल्या, मंडळाची वाट बघू, मग तात्पुरतं परीक्षेला बसू द्या अशी अंतरिम मागणी घेऊन जाऊ. असं बसू दिलं तर निकाल सीलबंद राहतो आणि पुढे काय ते ठरतं.

ते आठ-नऊ दिवस तिने अभ्यास केला नाही असं म्हणणार नाही, पुस्तक उघडं असायचं. पान उलटत नव्हतं. एकदा मला म्हणाली, "काकू, चूक माझीच ना, मी माझा ईमेल का नाही टाकला." मी हो म्हटलं, ती चूक तुझी. पण तुझी चूक आणि त्यांचं कर्तव्य या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एकीने दुसरी फिटत नाही.

मला तेव्हा एक जुनी गोष्ट सारखी आठवत होती. नोकरीला लागून सहा-सात वर्षं झाली असतील, आमच्या ऑफिसात शिपाई पदांची भरती होती, अर्ज कागदी, पोत्यांत भरून यायचे, मला दिवसाला दोनशे बघायचे होते. एका अर्जावर सही सापडेना, मी लाल पेनने "सही नाही" लिहिलं आणि बाजूला टाकला. तीन आठवड्यांनी मुरबाडहून एक मुलगा आला, दारातच उभा राहिला, आत यायला घाबरत होता. त्याचा अर्ज काढला. सही पानाच्या मागच्या बाजूला होती, समोर जागा उरली नव्हती म्हणून त्याने मागे केली होती आणि बाण काढून "मागे पाहा" असंही लिहिलं होतं. तोपर्यंत यादी लागली होती. साहेब म्हणाले आता काही होत नाही. तो मुलगा मला "ठीक आहे बाई" म्हणून निघून गेला. त्याने माझ्याकडे काहीच मागितलं नाही, आणि मीही त्याला लेखी दे, मी टिपणी चढवते, असं म्हटलं नाही. म्हणता आलं असतं. आज मी कळव्यात बसते त्यात या मुलाचा वाटा मोठा आहे.

दहाव्या दिवशी, सोमवारी, दुपारी पावणेतीनला तिला फोन आला. कॅफेवाल्याचा. "ताई, तुमचा मेल आलाय, लिंक आलीय, बुधवार रात्रीपर्यंतच आहे." नवीन आयडी कळवूनही मंडळाचा मेल जुन्याच आयडीवर गेला होता, आणि त्या दिवसानंतर हा पोरगा रोज सकाळी इनबॉक्स बघायला लागला होता म्हणून कळलं. नुसतं तिलाच नाही, त्याने अजून सहा जणांना फोन केले. लिंक सगळ्यांसाठीच होती, फोटो आणि सहीवरून बाद झालेल्यांना तीन दिवस. आमच्या निवेदनामुळे झालं असं मी म्हणणार नाही, किती ठिकाणांहून तक्रारी गेल्या असतील देव जाणे. पण कुठूनच काही गेलं नसतं तर लिंक उघडली नसती एवढं मला तीस वर्षांच्या अनुभवाने कळतं.

सही आम्ही अभ्यासिकेतच केली, खिडकीजवळच्या टेबलावर, उजेड सरळ पडेल अशी. कोरा ए-फोर, काळं बॉलपेन, जेल नाही, जेल पसरतं. तिने आधी वहीत दीड पान सराव केला, चारही अक्षरं एका शिरोरेषेखाली, शेवटची मात्रा खाली ओढून घेत, हात न उचलता. मी तिला तेव्हाच बजावलं की आता ही सही तुझी झाली, हॉलमध्ये हीच, कागदपत्र तपासणीला हीच, जुनी चुकून केलीस तर तिथे अडकशील. मग स्कॅनरवर स्कॅन, फोटो नाही. फाईल दिलेल्या केबीत बसवली, अपलोड झाल्यावर प्रीव्ह्यू डाऊनलोड केला, त्याचा स्क्रीनशॉट तारीख-वेळ दिसेल असा काढला. शुक्रवारी स्टेटस बदललं, अर्ज तात्पुरता स्वीकृत. वकील मॅडमना फोन केला, त्यांचा कॅटचा मसुदा अर्धा तयार होता, म्हणाल्या ठेवते, फाईल बंद करत नाही.

सेंटर पनवेल आलं. ठाण्याहून ट्रान्स-हार्बरने गेली, आई सोबत होती. हॉलमध्ये हजेरीपटावर सही करताना हात थरथरला म्हणाली, शिरोरेषा जरा वाकडी गेली.

माहिती अधिकाराचं उत्तर चौतिसाव्या दिवशी आलं, चार दिवस उशिरा. शेऱ्याची प्रत मिळाली: "सही सुट्या अक्षरांत". छाननीच्या सूचनांबद्दल लिहिलं होतं की गोपनीय असल्याने देता येत नाहीत, कुठल्या कलमाखाली गोपनीय ते लिहिलं नव्हतं. छाननी कुणी केली, माणसाने की मशीनने, त्यावर "एजन्सीमार्फत" एवढाच शब्द. किती अर्ज बाद झाले, तर माहिती संकलित स्वरूपात उपलब्ध नाही. फेरविचाराच्या अधिकाऱ्याचं पदनाम त्यांनी दिलं, ते मी अभ्यासिकेच्या फळ्यावर लिहून ठेवलंय.

ती परीक्षा देऊन बसली होती, तिचं काम झालं होतं. पहिलं अपील करायला तीस दिवस असतात हे तिला मी सांगितलं नाही, तिनेच कायदा उघडून वाचलं होतं. रविवारी दुपारी अपील लिहून आली, एकाच मुद्द्यावर: देवनागरी सहीला कोणता निकष लावला त्याची लेखी सूचना द्या, आणि देत नसाल तर ज्या कलमाखाली नाकारता ते कलम लिहा. मी वाचलं, एक स्वल्पविराम बदलला. कॅफेवाल्या मुलाच्या इनबॉक्समधल्या त्या सहा जणांपैकी दोघी तिच्याबरोबर आल्या होत्या, त्यांनाही तसंच लिहायचं होतं. तिने खाली सही केली, नवीन, आणि त्यांच्यासाठी दुसरा कागद पुढे ओढला.